टेलिकॉममधली ‘हायब्रिड’ हजेरी रस्त्यावरही लागू द्या

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत टेलिकॉम कंपन्यांमधल्या ‘हायब्रिड’ कामावर, म्हणजे काही दिवस घरून आणि काही दिवस ऑफिसातून करायच्या कामावर, आलेला लेख वाचला. आठवड्याचे तीन दिवस ऑफिस की दोन, हिंजवडीच्या कोंडीत जाणारे तास, घरच्या वायफायचे बिल कुणी भरायचे, हे सगळे त्यात आहे आणि त्यातले काही खोटे नाही. पण लेखात भेटणारी झाडून सगळी माणसे खुर्चीवर बसणारी आहेत. या धंद्यात खुर्चीवरच्या माणसाचे काम रस्त्यावरच्या माणसावाचून तसूभर पुढे सरकत नाही. मी आधी दूरसंचार खात्यात आणि मग निगममध्ये, म्हणजे बीएसएनएलमध्ये, नोकरी केली, कोकणात आधी तांब्याच्या केबलमागे आणि नंतर ऑप्टिकल फायबरमागे फिरलो, म्हणून हे पत्र.

घरून कामाला माझा विरोध नाही, हे आधीच सांगून टाकतो. माझा पुतण्या एका खासगी कंपनीच्या ‘नॉक’मध्ये आहे. नॉक म्हणजे नेटवर्कवर रात्रंदिवस पहारा ठेवणारी खोली. कुठला टॉवर बंद पडला, कुठली लिंक गेली, ते तिथे पडद्यावर दिसते. खोली नवी मुंबईत आणि हा पहारेकरी महिन्यातले बरेच दिवस चिपळुणात, आमच्या माडीवर. रात्रपाळीला वहिनींच्या हातचे जेवून लॅपटॉप उघडतो, सकाळी त्यांना डॉक्टरकडे नेतो. मुंबईच्या भाड्याच्या खोलीत राहून त्याला हे जमले नसते. कॉल सेंटरमध्ये काम करणाऱ्या मुलींचा रात्री-अपरात्रीचा प्रवास वाचला, हेही थोडे नाही.

आणि दुरून काम ही आमच्या धंद्याला कोरोनाने शिकवलेली गोष्ट नाही. १९८६ साली कर्नाटकात कित्तूरला सी-डॉट या सरकारी संशोधन संस्थेचे पहिले ग्रामीण टेलिफोन एक्स्चेंज सुरू झाले. त्याला एसीची खोली लागत नव्हती, आणि खेड्यातल्या उकाड्यात-धुळीत ते निमूट चालायचे. पुढे अशी एक्स्चेंज गावोगाव बसली आणि बाहेरून कुलूप लावून चालू लागली. मोठ्या एक्स्चेंजचे अलार्म जिल्ह्याच्या ठिकाणी बसून दिसू लागले. तेव्हा त्याला कुणी नाव दिले नव्हते, एवढेच. फरक असा, की वाजलेला अलार्म जो पाहायचा, त्यालाच पुष्कळदा जीप काढून जावे लागायचे.

कोरोनाने ही साखळी तोडली. २४ मार्च २०२० चा केंद्रीय गृह मंत्रालयाचा टाळेबंदीचा आदेश पाहा. बंदीतून वगळलेल्या सेवांत दूरसंचार आणि इंटरनेट आहेत, आणि त्याच कलमात आयटीवाल्यांसाठी ‘शक्यतो घरून काम’ अशी पुस्ती आहे. एका कलमात दोन जाती झाल्या. कॉल सेंटरच्या माणसाला घरी बसवायचे तर पूर्वी कंपनीला सुरक्षा ठेव आणि वेगळा करार लागायचा. दूरसंचार विभागाने ती अट त्याच महिन्यात तात्पुरती उठवली आणि ५ नोव्हेंबर २०२० च्या नव्या नियमांनी नोंदणीची कटकटही संपवून देशात कुठूनही काम करायला मोकळीक दिली. खुर्चीवरच्या माणसासाठी सरकार इतके चपळ झालेले मी नोकरीत कधी पाहिले नव्हते. दुसऱ्या बाजूला काय झाले होते? ३१ जानेवारी २०२० ला बीएसएनएलचे ७८ हजारांहून अधिक कर्मचारी स्वेच्छानिवृत्ती घेऊन बाहेर पडले. त्यात लाइनमन होते, केबल जोडणारे जॉइंटर होते, कुठल्या मोरीखालून केबल गेली ते तोंडपाठ असलेले लोक होते. त्याला दोन महिने व्हायच्या आत सारा देश घरी बसून इंटरनेटवर कामाला लागला.

आता मुद्द्यावर येतो. मागच्या पावसाळ्यात परशुराम घाटाखाली महामार्गाच्या कामावरच्या जेसीबीने फायबर तोडली. (अशा खोदाईसाठी ‘कॉल बिफोर यू डिग’ नावाचे सरकारी अ‍ॅप मार्च २०२३ पासून आहे. महामार्गावर उभे राहून जेसीबीवाल्याला ते दाखवायला सांगा.) मी बाजारातून परतत होतो, जुनी खोड म्हणून थांबलो. ठेकेदाराची दोन पोरे होती. एकाने मोटारसायकलवर छत्री बांधून तिच्याखाली स्प्लायसिंगचे, म्हणजे तारा जोडायचे, मशीन मांडले होते. दुसरा चिखलात उकिडवा बसून केबलचे आवरण सोलत होता. निळी, नारिंगी, हिरवी, तपकिरी अशा रंगांच्या क्रमाने केसासारखी एकेक तार वेगळी करायची, स्पिरिटने पुसायची, क्लीव्हरने टोक सरळ कापायचे, मशीनमध्ये समोरासमोर ठेवायचे. ठिणगी पडून जोड व्हायला काही सेकंद लागतात, पण हाताला पाणी लागले किंवा वाऱ्याने धूळ बसली की जोड बाद, पुन्हा पहिल्यापासून. चोवीस तारांची केबल होती. आणि चिखलात बसलेल्या पोराचा फोन दर दहा मिनिटांनी वाजत होता. ‘ईटीए काय?’ म्हणजे काम कधी होणार? नॉकमधून एक, सर्कल ऑफिसमधून दुसरा, ठेकेदाराच्या सुपरवायझरचा तिसरा. शेवटी त्या पोराने फोन माझ्या हातात दिला आणि म्हणाला, “काका, तुम्हीच सांगा त्यांना, हात ओले आहेत.”

पलीकडचा आवाज सभ्य होता, कुणाला छळायचा त्याचा हेतू नव्हता. त्याच्यावरही वरून दबाव होता. पण तो विचारत होता, “ओटीडीआर तर चार किलोमीटर तीनशे मीटर दाखवतोय, मग तुम्ही पाचशे मीटर अलीकडे काय करताय?” हा प्रश्न ऐकून मला रागापेक्षा काळजी वाटली. ओटीडीआर म्हणजे तारेत प्रकाश सोडून ती किती अंतरावर तुटली ते सांगणारे यंत्र. ते काचेच्या तारेची लांबी मोजते, रस्त्याची नाही. प्रत्येक चेंबरमध्ये पुढच्या दुरुस्तीसाठी केबलची वेटोळी ठेवलेली असतात, नळीच्या आत तारही किंचित वळणे घेत जाते. त्यामुळे तारेचे चार किलोमीटर तीनशे मीटर रस्त्यावर कुठे संपतात, ते त्या मार्गावरून चाललेल्या माणसालाच कळते. शिवाय रस्ता रुंद होताना केबल दोनदा सरकवली गेली असेल तर नकाशा जुनाच राहतो. आमच्या काळात नवा इंजिनियर आला की आधी मार्ग पायी चालायचा. कुणी सक्ती करत नव्हते, पण न चालणाऱ्याची फजिती महिन्याभरात व्हायचीच.

घरून काम करणाऱ्याचे दुसरेही एक नुकसान होते, ते त्याला स्वतःला दिसत नाही. नॉकच्या खोलीत शेजारचा ओरडतो, “माझ्याकडेपण तीन साइट गेल्या!” आणि चौघांच्या लगेच लक्षात येते की चार बिघाड नाहीत, एकच केबल तुटली आहे. घरी जो तो आपापल्या पडद्यापुढे. सॉफ्टवेअर अलार्म एकत्र जुळवते, पण सगळेच जुळत नाही. मग एकाच तुटीची तीन तिकिटे, म्हणजे बिघाडाच्या तीन नोंदी, निघतात आणि तीन टोकांवर तीन मोटारसायकली धावतात. पुतण्याच म्हणाला मला हे. नव्या पोरांना तर शेजारी बसून ऐकल्याशिवाय कामाची समज येत नाही. चॅटवर शंका विचारायला ती संकोचतात.

यावर कंपन्यांना सुचलेला उपाय एकच, सगळ्यांना परत ऑफिसात बोलवा. अमेरिकेत एटी अँड टीने जानेवारी २०२५ पासून ऑफिसच्या कर्मचाऱ्यांना पाचही दिवस यायला लावले. आपल्याकडेही हाजरीचे कार्ड, गेटवरची नोंद, ‘सहकार्याची संस्कृती’ अशी भाषा सुरू झाली आहे. मला विचाराल तर काचेच्या इमारतीत बसून तोच लॅपटॉप उघडायचा असेल तर माझ्या पुतण्याने आमच्या माडीवर बसलेले काय वाईट? परवान्याच्या सुरक्षा अटी कडक आहेत आणि तशाच असाव्यात. परदेशातून नेटवर्कमध्ये शिरायचे तर आधी मंजूर केलेल्या ठिकाणाहूनच शिरता येते आणि तिथे काय केले ते भारतात पाहता येईल अशी सोय ठेवावी लागते. दुबईला बहिणीकडे जाऊन तिथून पाळी करीन म्हटले तर ते नाहीच. पण चिपळूण देशातच आहे.

माझी सूचना अशी. नॉक, प्लॅनिंग आणि कस्टमर केअरच्या माणसांचे जे ‘ऑफिसचे दिवस’ ठरतात, त्यातले महिन्याला किमान दोन दिवस फील्डवर काढा. इंजिनियरने आपण पडद्यावर पाहतो त्या मार्गावर पेट्रोलरबरोबर, म्हणजे केबलच्या मार्गावर फिरून लक्ष ठेवणाऱ्या माणसाबरोबर, चालावे, स्प्लायसिंग होताना शेजारी उभे राहावे, टॉवरच्या शेल्टरमध्ये, म्हणजे यंत्रांच्या खोलीत, बॅटऱ्यांची अवस्था पाहावी. त्याच दिवशी पेट्रोलरकडून विचारून नकाशा दुरुस्त करावा. कस्टमर केअरच्या मुलीने एकदा तरी तक्रारदाराच्या घरी लाइन जोडायला जाणाऱ्या तंत्रज्ञाबरोबर जावे, म्हणजे ‘चोवीस तासांत होईल’ हे वाक्य ती विचार करून बोलेल. आणि बिघाडाच्या जागी फोन करायचा तो एकानेच. बाकीच्यांनी त्याला विचारावे.

पैशाचेही बोलले पाहिजे. घरून काम करणाऱ्याला इंटरनेट भत्ता, खुर्चीसाठी भत्ता मिळतो, तो मिळावाच. ठेकेदाराच्या पोराला मात्र रात्री दोन वाजता निघायचे तर पेट्रोल पुष्कळदा पदरचे. २२ जुलै २०२१ ला चिपळूण पाण्याखाली गेले तेव्हा वीज गेली आणि टॉवरच्या बॅटऱ्या काही तासांत बसल्या. जनरेटरसाठी डिझेलचे कॅन खांद्यावर घेऊन चिखल तुडवत जाणारे लोक आम्ही पाहिले. त्याआधीच्या वर्षी निसर्ग वादळात रायगडात आणि दापोली-मंडणगडात हेच झाले होते. हे लोक कंपनीच्या पटावर नसतात. त्यांचा मालक ठेकेदार, ठेकेदाराचा मालक दुसरा ठेकेदार. रात्री हाताशी राहण्याचे ठरावीक पैसे, पेट्रोलचा खर्च, रेनकोट-बूट, विमा आणि रात्रभर काम झाले तर दुसऱ्या दिवशी भरपगारी सुट्टी, या गोष्टी कंपनीने ठेक्याच्या कागदात लिहून घेतल्या तर ठेकेदाराला चुकवता येणार नाहीत. यात कंपनीचे दिवाळे निघण्यासारखे काहीच नाही.

पुढच्या वेळी आपल्या पुरवणीत टेलिकॉमच्या ‘हायब्रिड’वर लेख असेल तेव्हा आपल्या बातमीदाराला पावसाळ्यात इकडे पाठवावे. राहायची सोय आमच्याकडे होईल. माडीवर पुतण्याशी बोलता येईल, आणि घाटात त्या दोन पोरांना गाठायला ठेकेदाराचा नंबरही मी मिळवून देईन. मात्र त्यांच्याशी बोलायचे तर केबल जोडून झाल्यावर.

आपला,
एक निवृत्त उपविभागीय अभियंता (दूरसंचार)
चिपळूण, जि. रत्नागिरी