कार्यालयाचे भाडे ठरते, वेळ ठरत नाही

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

तुळशीचे लग्न लागले की सोलापुरात मंगल कार्यालयांच्या तारखांसाठी धावाधाव सुरू होते. भाड्यावर तासभर घासाघीस होते, पण ज्यावरून शेवटी वाद पेटतो ते कुणी विचारतच नाही. म्हणून थोडे तपशिलात लिहितो.

गुरुजींनी काढून दिलेल्या दोन-तीन मुहूर्तांपैकी एक घरातच पक्का करून कार्यालय शोधायला निघू नये. सगळ्या तारखा घेऊन जावे आणि कार्यालय मोकळे असेल तो मुहूर्त धरावा. अधिक महिना आलेल्या वर्षी तर पुढच्या-मागच्या तारखा फारच दाटतात.

पहिला प्रश्न असा विचारावा : तुमचा ‘एक दिवस’ किती वाजता सुरू होतो आणि किती वाजता संपतो? कुठे आदल्या संध्याकाळपासून दुसऱ्या दिवशी दुपारी चारपर्यंत, कुठे सकाळी सहापासून रात्रीपर्यंत. आता पंगतीचा हिशेब मांडा. पाहुणे हजार, जेवणाच्या हॉलमध्ये दोनशे पाने, म्हणजे पाच पंगती. वाढणे, जेवणे, टेबले पुसणे धरून एका पंगतीला पस्तीस मिनिटे लागतातच. झाले जवळजवळ तीन तास. १२.३५ चा मुहूर्त असेल तर पहिली पंगत एकच्या आत बसत नाही. शेवटची उठेपर्यंत चार वाजतात. वऱ्हाडी, आचारी, वाढपी यांची जेवणे आणि पाठवणी अजून बाकीच, आणि दारात रात्रीच्या रिसेप्शनवाल्यांचा मांडववाला टेम्पो घेऊन उभा! जादा तासाचा दर काय, हे त्या वेळी विचारून उपयोग नसतो. हॉलची क्षमता विचारताना खुर्च्या मोजू नयेत, पाने मोजावीत.

विजेचे बिल युनिटवर असेल तर ताबा घेताना आणि सोडताना मीटरचा फोटो काढावा. जनरेटर भाड्यात आहे की डिझेल वेगळे, आणि त्यावर कूलर चालतात की फक्त दिवे-पंखे, हेही विचारावे. एप्रिल-मेच्या उन्हात हा फरक लगेच कळतो. पाण्याचे तर सोलापूरकरांना सांगायलाच नको; नळाला रोज पाणी येत नाही. माणशी दहा लिटर धरले तरी हजार माणसांना दहा हजार लिटर लागते. हौद केवढा आहे, आदल्या दिवशी तो भरून मिळणार का आणि टँकर लागल्यास पैसे कोणी द्यायचे, हे पावतीवर लिहून घ्यावे.

बाहेरचा आचारी चालेल का? चालत असल्यास स्वयंपाकघराचे, भांड्यांचे पैसे वेगळे का? व्यावसायिक सिलिंडर कोणी आणायचे? साफसफाई आणि अनामत? हॉलच्या भाड्यावर १८ टक्के जीएसटी लागतो. मात्र पावतीवर जीएसटी क्रमांक नसेल तर कार्यालयाला हा कर मागता येत नाही. लाऊडस्पीकर रात्री दहाला बंद करावा लागतो, त्यामुळे रिसेप्शन आठला ठेवून वाद्यवृंद ठरवण्यात अर्थ नाही.

इसार भरताना कच्च्या चिठ्ठीवर भागवू नये. तारीख रद्द झाल्यास किती दिवस आधी कळवले तर किती रक्कम परत, हे ठरलेले असावे. ‘इसार परत मिळणार नाही’ एवढा शिक्का मारला म्हणजे कार्यालयाला वाटेल तेवढी रक्कम ठेवून घेता येते, असेही नाही. करार कायद्याच्या कलम ७४ नुसार भरपाई वाजवीच असावी लागते. तीच तारीख दुसऱ्याला दिली गेली असेल, तर पूर्ण इसार अडवण्याला आधार राहत नाही. अशा तक्रारी जिल्हा ग्राहक आयोगाकडे नेता येतात. दिलेला मोबदला पाच लाखांपर्यंत असेल तर तिथे शुल्कही नाही.

कार्यालय चालकांना एकच विनंती : ताब्याची वेळ, जादा तासाचा दर, वीज, पाणी, साफसफाई आणि रद्द करण्याच्या अटी पावतीच्या मागच्या बाजूला मराठीत छापाव्यात. एका पानात सगळे बसते.

आपले,
मांडव-कार्यालय व्यवसायातील काही वाचक, सोलापूर