काळ्या दिनाच्या भाषणाविषयी

लाइपझिग, १२ ऑक्टोबर

तीर्थरूप अण्णांस साष्टांग नमस्कार.

तुमचे पत्र पोहोचले. बेळगावात १ नोव्हेंबरला काळ्या दिनी निघणाऱ्या सायकल फेरीआधी गल्लीतल्या मुलांसमोर काय बोलावे, असे तुम्ही विचारले आहे.

९ ऑक्टोबर १९८९ रोजी या शहरात सुमारे ७०,००० माणसे पूर्व जर्मनीच्या राजवटीविरुद्ध रस्त्यावर उतरली आणि पोलीस सज्ज असूनही गोळी सुटली नाही. आता दरवर्षी त्या दिवशी लोक चौकात मेणबत्त्या मांडून ८९ हा आकडा उजळतात. मात्र ‘जनता म्हणजे आम्हीच’ ही त्यांची घोषणा २०१४ पासून ड्रेस्डेनमधल्या स्थलांतरितविरोधी मोर्चांतही दिली जाऊ लागली. आंदोलन संपले की ते कोणाचे, हा तंटा सुरू होतो.

आपल्याकडे तर एकाच तारखेवर दोघांचा हक्क आहे. १ नोव्हेंबर १९५६ ला बेळगाव, खानापूर, निपाणी हा मराठी भाग म्हैसूर राज्यात (आजच्या कर्नाटकात) गेला म्हणून आपण काळे कपडे घालून निघतो, आणि त्याच दिवशी चन्नम्मा चौकात लाल-पिवळे झेंडे घेऊन कर्नाटकाचा राज्योत्सव होतो. कन्नड शेजाऱ्याचा आनंद खोटा नाही, हे मुलांना सांगायला हरकत नसावी. मुंबईने १ मे १९६० ला लढा जिंकला असे मानले. आपल्या वाट्याला त्यातून मधेच सोडलेले काम आले.

माझे खरे म्हणणे १९८६ च्या आंदोलनाविषयी आहे. मराठी भागावरची कन्नड भाषेची सक्ती मागे घ्यावी ही त्या आंदोलनाची तातडीची मागणी होती, पण आज ते सीमाप्रश्नाच्या लांबलचक कहाणीत विरघळून गेले आहे. सभांत छगन भुजबळ वेषांतर करून बेळगावात कसे शिरले याला टाळ्या पडतात (ती गोष्ट मलाही आवडते), आणि त्या आंदोलनात पोलिसांच्या गोळीबारात गेलेल्यांच्या वाट्याला १ जूनला हिंडलग्याच्या स्मारकावरचे हार येतात. ती माणसे काय काम करीत होती, घरी कोण होते, हे कोणी सांगत नाही. निपाणीच्या १९८१ च्या तंबाखू आंदोलनात शेतकऱ्यांनीही गोळ्या झेलल्या, पण तो लढा तंबाखूच्या भावासाठी होता, भाषेसाठी नव्हता, म्हणून आपल्या व्यासपीठावर त्याचा उल्लेख मी तरी ऐकलेला नाही.

तेव्हा भाषणात नेत्यांना दोन वाक्ये द्या आणि उरलेला वेळ तुम्ही स्वतः पाहिलेल्या १९८६ ला द्या. फेरीनंतर मुले काय विचारतात, ते मात्र सविस्तर लिहा.

आपला,
प्रकाश