डेव्हन बेटाबद्दल दोन शब्द

मा. संपादक, स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीतला कॅनडावरचा लेख आवडला पण डेव्हन बेट राहूनच गेलं की हो! जगातलं सगळ्यात मोठं निर्मनुष्य बेट, साधारण ५५,००० चौ.किमी., म्हणजे चौदा-पंधरा गोवे मावतील आणि माणूस एकही नाही. पूर्वेकडे बर्फाची जाड टोपी, बाकी बरंचसं दगडगोट्यांचं थंड वाळवंट, त्यात उल्कापाताचा वीसेक किमी. रुंद हॉटन खड्डा, तिथे नासावाले मंगळमोहिमेची रंगीत तालीम करतात. तरी बेटावरच्याच ट्रूलव्ह नावाच्या सखल, ओलसर भागात गवत-शेवाळ उगवतं आणि त्यावर मस्क ऑक्स, ते केसाळ बैलासारखे, जगतात. इथे इंदूरला मावठा पडला की आम्ही कानटोप्या शोधतो! नकाशासकट सविस्तर छापा ना.

आपला एक वाचक, इंदूर