साराटोगाहून अण्णांना

अल्बनी, न्यूयॉर्क राज्य
ऑक्टोबरअखेर

तीर्थरूप अण्णांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

इकडं सगळं ठीक. सोयाबीनचं काय झालं ते मायनं फोनवर सांगितलं, त्यावर पुन्हा लिहीत नाही.

रविवारी साराटोगाची रणभूमी पाहून आलो. तुम्ही सोबत हवे होतात. १७७७ च्या ऑक्टोबरात इथं इंग्रजांची अख्खी फौज अमेरिकनांना शरण आली, आणि ते बघून फ्रान्स उघडपणे अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात उतरला. तिथं एका बाजूला दगड उभा आहे. त्यावर तोफेची नळी आणि डाव्या पायाचा बूट कोरलाय. मागं लिहिलंय की फौजेतला सर्वांत तेजस्वी सैनिक या जागी जबर जखमी झाला. नाव मात्र कुठंच नाही.

तो अमेरिकन सेनानी बेनेडिक्ट अर्नोल्ड. यांचा सूर्याजी पिसाळ म्हणा.

गडी लई शूर. क्वेबेकच्या हल्ल्यात पायात गोळी खाल्ली, साराटोगाला तोच पाय पुन्हा मोडला. याच साली फेब्रुवारीत त्याच्याहून कनिष्ठ पाच जणांना मेजर जनरल केलं आणि याला डावललं. हे वाचलं अन् तुम्ही आठवलात. तुमच्या मागून भरती झालेल्याला नायब सुभेदारी मिळाली तेव्हा तुम्ही आठ दिवस कुणाशी बोलला नव्हतात, असं माय सांगते. तेव्हा त्याचा राग मला कळतो. पुढचं पटत नाही. १७८० मध्ये त्यानं हडसन नदीवरचा वेस्ट पॉइंटचा किल्ला आपल्या ताब्यात मागून घेतला, तो इंग्रजांना विकायलाच. मागणी २० हजार पौंडांची! मानासाठी रुसलेला माणूस असा भाव करत बसेल का?

सौदा फिसकटला तो मेजर आंद्रेमुळं. हा इंग्रज अधिकारी किल्ल्याचे कागद पायमोज्यात दडवून परत निघाला होता. वाटेत तिघा साध्या पहारेकऱ्यांनी त्याला बूट काढायला लावले. तो फासावर गेला, अर्नोल्ड इंग्रजांच्या जहाजावर पळाला. पुढच्या वर्षी त्यानं कनेक्टिकटमधलं न्यू लंडन जाळलं. त्याचं जन्मगाव तिथून जवळच.

रणभूमीपासून थोडं लांब १५५ फुटांचा मनोरा आहे. त्याला चार कोनाडे. तिघांत सेनानींचे पुतळे, चौथा अर्नोल्डसाठी मुद्दाम रिकामा सोडलेला. मला हे आवडलं. पराक्रम पुसला नाही आणि माणसालाही माफ केलं नाही.

आता एक शंका. उदगीरच्या किल्ल्यात तुम्ही इब्राहिमखान गारद्याची गोष्ट रंगवून सांगायचात. आधी निजामाच्या पदरी, मग १७६० ला आपल्या उदगीरला त्याच निजामावर तोफा डागल्या, आणि पानिपतावर भाऊंना शेवटपर्यंत सोडलं नाही. मग निजामाच्या लेखी तो कोण? उघडपणे चाकरी बदलणं वेगळं आणि चाकरीत राहून किल्ला विकणं वेगळं, असं तुम्ही म्हणणार हे मला माहीत आहे. तरी फोनवर नको, सविस्तर लिहून पाठवा.

मायला नमस्कार.

तुमचा,
बाळू