नेट बंद, पण दोष कोणाचा?

महोदय,

नेट अडलं की पहिल्या शिव्या नेट पुरवणाऱ्या कंपनीला. बावीस वर्षं वायरी ओढतोय, म्हणून लिहितो.

गेल्या जूनमध्ये एका शाळेत ऐन प्रवेशाच्या दिवशी सगळं ठप्प झालं. जाऊन बघतो तर संगणकांच्या केबल जोडणाऱ्या पेटीचे, म्हणजे स्विचचे, सगळे दिवे एकसाथ, वेड लागल्यासारखे लुकलुकताहेत. लोंबकळणारी केबल कुणीतरी 'नीट' लावून ठेवली होती. दोन्ही टोकं त्याच स्विचमध्ये! साधा स्विच मॅक पत्ता, म्हणजे प्रत्येक यंत्राच्या नेटवर्क जोडणीचा क्रमांक, बघतो आणि सर्वांसाठीचा निरोप उरलेल्या सगळ्या पोर्टांतून (केबल लावायच्या खाचांतून) ढकलतो. फेरा मिळाला की तो फिरतच राहतो, कारण आयपी पाकिटाला असते तशी आयुष्याची मर्यादा ते पाकीट केबलमधून वाहून नेणाऱ्या इथरनेटच्या फ्रेमला नसते. स्पॅनिंग ट्रीने, म्हणजे फेरा ओळखून जादा वाट बंद करणाऱ्या सोयीने, हा फेरा तोडला असता, पण स्वस्तातल्या स्विचमध्ये ती कुठली!

त्यात कार्यालय, संगणक कक्ष, कॅमेरे सगळे एकाच जाळ्यात. व्हीलॅनने एकाच जाळ्याचे वेगळे कप्पे करता येतात. त्यात फ्रेमला ४ बाइटची चिठ्ठी लागते, तिच्यातल्या १२ बिटांत कप्प्याचा क्रमांक. ४०९४ कप्पे करता येतात. शाळेला चार पुरेत. एका कप्प्यातून दुसऱ्यात जायचं तर राउटर किंवा लेअर थ्री स्विच (राउटरचं कामही करणारा स्विच) लागतो, आणि कुणाला अडवायचं ते तिथेच ठरवता येतं.

या सोयी लावता येतात असा मॅनेज्ड स्विच घ्या म्हटलं, तर उत्तर आलं, "आता चालतंय ना?" ती केबल मी घरी घेऊन आलोय.

– एक नेटवर्क तंत्रज्ञ, सांगली