फोनवर अर्धंच सांगितलं होतं

ती. आई-बाबा,
सा. न.

मायना लिहितानाच हसू आलं. याआधीचं पत्र मी तुम्हाला हॉस्टेलवरून लिहिलं होतं, पैसे संपले म्हणून. या वेळी पैसे नकोत. पण जे सांगायचंय ते फोनवर जमत नाही. तुम्ही फोन स्पीकरवर टाकता, मग आई कुकरच्या शिट्ट्या मोजता मोजता प्रश्न विचारते आणि माझं वाक्य पुरं व्हायच्या आत बाबा त्याचं उत्तर देऊन टाकतात.

ऑफिसची कॉन्फरन्स संपल्यावर मी थायलंडमध्ये, फुकेतला एक दिवस जास्त राहिले, स्पीडबोटीने फी फी बेटं फिरून आले, तुम्हाला फोटो पाठवले आणि "मस्त झालं, खूप मजा आली" एवढं सांगून मोकळी झाले. दुसऱ्याच दिवशी बाबांचा मेसेज: "आम्हीही फेब्रुवारीत जातो. टूरवाल्याचा नंबर पाठव." बाबा, तो नंबर मी विसरले नाहीये. मुद्दाम पाठवला नाही. का, ते आता नीट सांगते.

सकाळी साडेसहाला हॉटेलवर गाडी आली. जेट्टीवर नावं टिकमार्क करून मनगटावर रंगीत पट्टी बांधली, उलटीची गोळी हवी का विचारलं, आणि सगळ्यांच्या चपला-बूट एका मोठ्या टोपलीत टाकायला लावले. बोटीवर अनवाणीच राहायचं, संध्याकाळपर्यंत. बोट म्हणजे तीसेक माणसांची, मागे तीन इंजिनं, मध्ये छत आणि दोन्ही कडांना लांबलचक बाकं. अगदी पुढे उघड्यावर गाद्या टाकलेल्या, तिथे बसायला तरुण मंडळींची ही झुंबड. मीही पळत जाऊन तिथलीच जागा पकडली. फोटोत केस उडताहेत ना, ती तीच.

गाईडने निघण्याआधी सांगितलं होतं की गरोदर बायकांना आणि पाठीचं दुखणं असलेल्यांना आम्ही घेत नाही. मला वाटलं, नियम म्हणून म्हणत असेल. खाडीतून बाहेर पडलो आणि कळलं. ही बोट पाणी कापत जात नाही, वेग घेतला की ती पाण्याच्या अंगावर चढते आणि वरच्या वर धावते. त्यामुळे लाट आली की पुढचा भाग उचलला जातो, क्षणभर अधांतरी राहतो आणि मग धप्पकन खाली. पाणी तेव्हा पाण्यासारखं लागत नाही, फरशीसारखं लागतं. आणि हे एकदा-दोनदा नव्हे, फी फीला पोचेपर्यंत जवळजवळ तासभर. पहिली दहा मिनिटं आम्ही सगळे ओरडत होतो, मग ओरडणं थांबलं आणि जो तो दांडा धरून बसला. मी पायांवर जोर देऊन अर्धवट उठून बसत होते, तुमच्या स्कूटरवर मागे बसून खड्डा आला की उठायचे तशी. परत येताना शहाणी होऊन मागे इंजिनांजवळ बसले. तिथे आदळणं बरंच कमी, पण पेट्रोलचा वास आणि पाण्याचे सपकारे. ज्याला मळमळतं त्याने काय करावं हा प्रश्नच आहे. पुढे बसला तर हाडं खिळखिळी, मागे बसला तर वास. मधल्या बाकावर बसून लांब क्षितिजाकडे बघत राहायचं आणि मोबाइलमध्ये डोकं घालायचं नाही, एवढाच काय तो उपाय.

हे झालं जाण्याचं. पोचल्यावर काय दिसलं तेही सांगायला हवं, नाहीतर तुम्ही म्हणाल हिला काही आवडतच नाही.

पहिला थांबा माया बे. तिन्ही बाजूंना चुनखडीचे उभे कडे आणि मध्ये एवढीशी पांढरी वाळू. एका हॉलिवूड सिनेमाचं शूटिंग इथे झालं आणि जग लोटलं. दिवसाला पाच हजारांच्या आसपास माणसं यायला लागली, नांगरांनी प्रवाळ मोडलं, शेवटी २०१८ च्या जूनमध्ये सरकारने किनारा बंदच करून टाकला. उघडला थेट जानेवारी २०२२ मध्ये. आता बोटींना त्या खाडीत प्रवेश नाही, बेटाच्या मागच्या बाजूला लोह समा नावाच्या खाडीत उतरवतात आणि तिथून झाडांमधल्या लाकडी वाटेने चालत पुढे यायचं. दरवर्षी ऑगस्ट-सप्टेंबर दोन महिने पुन्हा कुलूप. पोहायला मनाई, गुडघाभर पाण्यापर्यंतच जायचं. एक गृहस्थ सेल्फी काढत काढत मांडीपर्यंत गेले तर रखवालदाराने अशी शिट्टी मारली की आम्ही सगळेच दचकून मागे सरकलो! पण त्या शिस्तीचं फळ डोळ्यांनी पाहिलं. माझ्यापासून दहा-बारा हातांवर, उथळ पाण्यात, पंखाला काळं टोक असलेले दोन छोटे शार्क येरझाऱ्या घालत होते. बंदीच्या काळात ते परत आले म्हणे. बाबा, सरकारने एखादी गोष्ट बंद केली आणि ती खरंच सुधारली, असं उदाहरण तुम्ही नेहमी मागता ना? हे घ्या.

तिथली पार्काची फी परदेशी माणसाला ४०० बाट, म्हणजे आपले हजार रुपये तरी. थाई लोकांना त्याच्या एक दशांश. चिडू नका, ताजमहालला आपणही हेच करतो.

आई, तू बॅगेत घातलेली सनस्क्रीनची बाटली मात्र मला हॉटेलवरच ठेवावी लागली. प्रवाळाला घातक अशी काही रसायनं असलेली सनस्क्रीन थायलंडच्या राष्ट्रीय उद्यानांत २०२१ पासून बंद आहेत, दंड एक लाख बाटपर्यंत. मागचं बारीक अक्षर वाचलं तर त्यातलं ऑक्सिबेन्झोन तुझ्या बाटलीत होतं. मग पूर्ण बाह्यांचा शर्ट घालून फिरले. नाक तरीही भाजलं.

मधल्या गुहेबद्दल आणि माकडांबद्दल फार लिहीत नाही. गुहा लांबूनच दाखवतात. आत बांबूच्या परांच्या बांधलेल्या दिसतात, त्यावर चढून पाकोळ्यांची घरटी काढतात. लाळेची घरटी, चिनी लोक त्याचं सूप करतात. माकडांनी एका मुलीची चिप्सची पिशवी पळवली. झालं.

पिलेह लगूनबद्दल, म्हणजे कड्यांनी वेढलेल्या त्या शांत पाण्याबद्दल मात्र लिहायलाच हवं, आणि ते आईसाठी. मला पोहता येतं, तुला येत नाही, म्हणून तू आधीच "मी बोटीत बसून राहीन" असं ठरवून टाकलं असशील. ऐक. लाइफ जॅकेट नीट बांधलं की पोहता न येणारा माणूसही पाण्यावर तरंगत राहतो. चष्म्यासारखा मास्क लावायचा, तोंडात नळी धरायची आणि फक्त चेहरा पाण्याखाली घालायचा. मी मासे बघायला म्हणून डोकं खाली घातलं आणि आधी आवाज ऐकला. तापलेल्या तेलात मोहरी तडतडावी ना, अगदी तसा, सगळीकडून. बोटाएवढ्या कोळंब्या आपली नांगी फटकन मिटतात, त्याचा. त्यात मधूनच कुरुम कुरुम. तो पॅरटफिश, हिरवा-निळा, चोचीसारख्या दातांनी प्रवाळ खरवडत असतो. त्यातलं खाण्यासारखं पोटात ठेवतो आणि बाकीचं दळून वाळू करून मागे सोडतो. या बेटांवरच्या पांढऱ्याशुभ्र वाळूतली बरीचशी वाळू अशीच आलेली असते. गाईडने हे सांगितल्यावर मला पहिल्यांदा तूच आठवलीस. तू त्या वाळूतून आल्यावर पाय दोनदा धुणार. माझ्यासमोर एक मासा येऊन थांबला, पिवळा, अंगावर काळे पट्टे, माझ्या बोटाकडे बघत. मी बोट हलवलं नाही. तोही हलला नाही. किती वेळ गेला कोण जाणे, गाईडने खांद्याला हात लावला तेव्हा बोटीवर माझी एकटीचीच वाट बघत होते.

ते पाणी तुम्हाला दाखवायचंय. म्हणून तर हे पत्र, नाहीतर सरळ "नका जाऊ" एवढंच म्हटलं असतं.

आता परतीचं, जे मी फोनवर गाळलं. जेवण झालं, बांबू आयलंडवर तासभर लोळलो, आणि निघताना पश्चिमेला आभाळ काळं होतं. नोव्हेंबरचा पहिला आठवडा, तिकडचा पाऊस अजून पुरता सरलेला नव्हता. अर्ध्या वाटेवर वाऱ्याने गाठलं. गाईडने हसणं थांबवलं, दोन्ही बाजूंचे प्लॅस्टिकचे पडदे सोडले आणि प्रत्येकाच्या जॅकेटचे पट्टे स्वतः ओढून बघितले. बोटीचा वेग कमी केला तरी आदळणं कमी होईना. पडद्याच्या फटीतून आत येणारे थेंब टाचण्यांसारखे टोचत होते. मला भीती वाटली. वीस-पंचवीस मिनिटंच, पण चांगली वाटली. बुडू असं नाही वाटलं, हे संपणार कधी असं वाटत होतं.

माझ्या समोर एक जोडपं होतं. काका बाबांच्याच वयाचे, सकाळी पुढे बसण्याचा हट्ट धरणारे. आता ते डोळे मिटून, दात आवळून दांडा धरून बसले होते, आणि काकूंनी आपलं जॅकेट सोडून त्यांच्या कमरेमागे उशीसारखं सरकवलं होतं. गाईड येऊन त्यांना ते परत घालायला लावायचा, तो वळला की त्या पुन्हा काढायच्या. शेवटी काकूंनी नुसता हातच काकांच्या पाठीमागे घातला. बोट आदळायची तेव्हा बाकाची कड काकूंच्या हातावर बसत होती. जेट्टीला लागल्यावर सगळे उतरले, ते दोघं बसून राहिले. मग बोटीवरच्या दोन पोरांनी काकांना दोन्ही काखांत धरून उभं केलं.

मी टोपलीत चपला शोधत होते आणि माझं सगळं लक्ष त्यांच्याकडे. बाबा, तुमची मणक्याची गादी सरकली तेव्हा तुम्ही सहा आठवडे पडून होतात, आणि आई रात्री उठून तुम्हाला कुशीवर वळवायची. तुम्ही आता बरे आहात. पट्टा लावत नाही, हेही मला माहीत आहे. पण गाईडने विचारलं "पाठीचं काही आहे का," तर तुम्ही छातीवर हात ठेवून "काही नाही" म्हणाल. त्या काकांनीही तसंच म्हटलं असणार.

म्हणून माझं म्हणणं असं. फुकेतच्या रसादा जेट्टीवरून फी फीला मोठी फेरीबोट जाते. दोनेक तास लागतात, पण आत खुर्च्या आहेत, स्वच्छतागृह आहे (आई, स्पीडबोटीवर नव्हतं, आणि तू दिवसभर पाणीच प्यायली नसतीस), आणि तोन साइ गावात ती थेट धक्क्याला लागते. गुडघाभर पाण्यात शिडीवरून उतरायची भानगड नाही. तिथे मोटारी नाहीत, सामान हातगाडीवर जातं, बाबांना ते आवडेल. दोन रात्री राहू. सकाळी लवकर, समुद्र निजलेला असतो तेव्हा, लाकडी लांब शेपटीची होडी घेऊ. आवाज प्रचंड करते, पण वेग बेताचा. तिच्या नाळेला, म्हणजे पुढच्या टोकाला, रंगीत कापडं आणि फुलांच्या माळा बांधलेल्या असतात, होडीच्या देवीसाठी. एका म्हाताऱ्या नावाड्याला मी जुनी माळ काढून नवी बांधताना पाहिलं, अगदी निवांत, गिऱ्हाईक ताटकळत उभं असताना.

आई त्सुनामीचं विचारणार, म्हणून आधीच सांगते. होय, २६ डिसेंबर २००४ ला ज्या गावात पाणी शिरलं तेच हे तोन साइ. दोन टेकड्यांच्या मधली वाळूची अरुंद पट्टी, दोन्हीकडे समुद्र, त्यामुळे लाट दोन्ही बाजूंनी आली. आता उंचावर पळायच्या वाटांच्या निळ्या पाट्या ठिकठिकाणी आहेत. पोचल्यावर आधी ती वाट चालून बघू, मग चहा.

फेब्रुवारी चांगलाच आहे, समुद्र तेव्हा शांत असतो. मी पाच दिवसांची रजा टाकते. तुम्ही एवढं करा. बाबा, डॉक्टरांना दाखवून या, आणि त्यांना "बोटीचा प्रवास" एवढंच मोघम सांगू नका, फेरीबोट आणि होडी असं स्पष्ट सांगा. आणि कपाटातल्या लॉकरमधून दोघांचे पासपोर्ट काढून मुदतीच्या पानाचा फोटो पाठवा. निदान सहा महिने शिल्लक असायला हवेत, आणि आईचा पुढच्या उन्हाळ्यात संपतोय असं मला उगीचच वाटतंय.

तुमची,
ताई

ता. क. आई, त्या निळ्या चपला नेऊ नकोस म्हणाली होतीस. टोपलीतून माझी डावी मिळाली. उजव्या पायातली दुसऱ्याच कोणाची आहे, एक नंबर मोठी. निळीच आहे म्हणून अजून वापरतेय.