लायन गेटच्या भिंतीवर ही नावे लावा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या रविवारच्या पुरवणीत ब्रिटिश युद्धनौका आणि पाणबुड्यांच्या इतिहासावर पानभर लेख आला. नेल्सनची ‘व्हिक्टरी’, 1906 ची ‘ड्रेडनॉट’, थेम्स नदीत उभी असलेली ‘बेलफास्ट’, सगळ्यांची आठवण लेखकाने ठेवली. पण त्या आरमाराच्या ज्या नौका आपल्या मुंबईच्या फोर्टात, नौदल गोदीच्या लायन गेटच्या आत बांधल्या गेल्या, त्यांच्याबद्दल एक ओळही नाही. मी नौदल गोदीत शिपराइट, म्हणजे जहाजबांधणीचा कारागीर, म्हणून नोकरी करून निवृत्त झालो. वडील मालवणकडचे सुतार. ती राहिलेली ओळ लिहिण्यासाठी, आणि गोदीच्या बाहेरच्या भिंतीवर या नौकांच्या नावांची पाटी मागण्यासाठी हे पत्र.

ब्रिटनमध्ये आजही पाण्यावर तरंगत असलेली सर्वांत जुनी युद्धनौका मुंबईत बांधलेली आहे. तिचे नाव ‘त्रिंकोमाली’. (‘व्हिक्टरी’ वयाने मोठी, पण ती 1922 पासून पोर्ट्समथच्या सुक्या, म्हणजे पाणी काढून टाकलेल्या, गोदीत आहे.) जमशेटजी बमनजी वाडियांनी तिच्या पठाणात, म्हणजे तळाच्या मुख्य लाकडात, चांदीचा खिळा ठोकून काम सुरू केले आणि 12 ऑक्टोबर 1817 रोजी ती पाण्यात उतरली. पुढे नाव बदलून तिने मुलांना खलाशीकाम शिकवणारे जहाज म्हणून बरीच वर्षे काढली. 1987 मध्ये तिला इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्यावर हार्टलपूलला नेले, दहाहून अधिक वर्षे दुरुस्ती केली, आणि आता लोक तिकीट काढून तिच्या डेकवर फिरतात.

ती टिकली याला मोठे कारण तिचे लाकूड. ही माझ्या धंद्यातली गोष्ट आहे, म्हणून जरा सविस्तर सांगतो. इंग्लंडची जहाजे ओकची. ओकच्या लाकडात आम्ल असते, ते लोखंडी खिळ्यांना खाते. खिळा सैल झाला की फळी हलते, फळी हलली की सांध्यातून पाणी शिरते आणि लाकूड कुजायला लागते. सागात तेल असते. खिळा त्या तेलात बसल्यासारखा राहतो, गंज सहसा धरत नाही, आणि वाळवीही सागाच्या वाटेला फारशी जात नाही. शिवाय मुंबईच्या जुन्या बांधणीत फळीच्या काठाला खाच पाडून ती शेजारच्या फळीत बसवत आणि मध्ये राळ लावलेला कापूस भरत. दोन फळ्या नुसत्या काठाला काठ लावून सांधा बुजवण्यापेक्षा हे काम कितीतरी वेळखाऊ. खाच केसभर चुकली तर अख्खी फळी वाया. ज्याने हातात वाकस (लाकूड तासायचे हत्यार) धरलेली आहे त्यालाच यातली मेहनत कळेल.

लवजी नुसेरवानजी वाडिया 1736 मध्ये ईस्ट इंडिया कंपनीच्या बोलावण्यावरून सुरतेहून मुंबईत आले. 1750 मध्ये इथे सुकी गोदी झाली. जमशेटजी हे लवजींचे नातू. त्यांच्या हातची 74 तोफांची ‘मिंडन’ 1810 मध्ये डंकन गोदीतून निघाली. इतक्या मोठ्या पंक्तीतली ब्रिटिश नौदलाची नौका ब्रिटनबाहेर बांधली गेली ती पहिल्यांदाच. डंकन गोदी आजही कामात आहे. तिच्या पायऱ्यांवरून मी रोज खाली उतरलो आहे आणि तो दगड कुठे हललेला मला दिसला नाही. ‘मिंडन’नंतर ‘कॉर्नवॉलिस’, ‘वेलस्ली’, ‘गँजेस’, ‘एशिया’ अशी रांगच लागली. 1827 च्या, ग्रीसजवळच्या नॅव्हरिनोच्या लढाईत ब्रिटिश ॲडमिरल कॉड्रिंग्टनचे निशाण आपल्या ‘एशिया’वर होते. ‘वेलस्ली’ तर 1940 पर्यंत थेम्समध्ये शाबूत होती, जर्मन विमानांच्या बॉम्बने बुडाली. त्याही आधीची ‘साल्सेट’ फ्रिगेट (मध्यम आकाराची युद्धनौका). साल्सेट म्हणजे आपली साष्टी. 1810 मध्ये कवी बायरन हिच्यावरूनच इस्तंबूलकडे निघाला होता, आणि वाटेत जहाज थांबले असताना त्याने डार्डनेल्सची प्रसिद्ध सामुद्रधुनी पोहून पार केली.

कुणी विचारेल, गोऱ्यांच्या तोफा वाहणाऱ्या जहाजांचे कौतुक कशाला? प्रश्न रास्त आहे. 1842 मध्ये चीनला गुडघ्यावर आणणारा नानकिंगचा तह ‘कॉर्नवॉलिस’वरच झाला. 1839 मध्ये कराचीजवळच्या मनोरा किल्ल्यावर तोफा डागल्या त्या ‘वेलस्ली’ने. या जहाजांच्या सागासाठी मलबारची जंगले उजाड झाली. 1806 मध्ये कंपनीने कॅप्टन वॉटसनला जंगलांवर अधिकारी नेमले, ते झाडे जगवण्यापेक्षा आरमाराला लाकूड पुरवण्यासाठी, आणि तिथल्या लोकांचा स्वतःच्या सागावरचा हक्क गेला. निलांबूरला सागाची लागवड सुरू व्हायला 1840 चे दशक उजाडले. हे सगळे सांगायलाच हवे, आणि त्याच पाटीवर सांगायला हवे. पण हुकूम त्यांचा असला तरी कसब आपले होते. वाडियांची नावे निदान पुस्तकांत आहेत. त्यांच्या हाताखाली लाकूड तासणारे, लोखंड ठोकणारे, दोर वळणारे आणि हमाल यांची नावे कुठेच नाहीत.

ब्रिटिशांनी आपली सगळी जहाजे जपली असे नाही. ट्रफाल्गरच्या लढाईत फ्रेंचांकडून लढलेली ‘इम्प्लॅकेबल’ पोर्ट्समथला आपल्या ‘त्रिंकोमाली’च्या शेजारीच उभी असायची. खर्च परवडेना म्हणून 1949 मध्ये त्यांनी ती सुरुंग लावून बुडवली. त्याची हळहळ त्यांना पुरून उरली. त्यांची पहिली पाणबुडी ‘हॉलंड 1’, 1901 ची. 1913 मध्ये भंगारात विकली आणि ओढून नेताना समुद्रात बुडाली. 1981 मध्ये ती तळाशी सापडली, पुढच्या वर्षी वर काढली. बाहेर आल्यावर पोलादात मुरलेल्या मिठामुळे ती पुन्हा गंजू लागली, तेव्हा सोडियम कार्बोनेटच्या पाण्याने भरलेल्या टाकीत तिला वर्षानुवर्षे बुडवून ठेवले. आज ती गॉस्पोर्टच्या पाणबुडी संग्रहालयात आहे.

आणि आपण? ‘विक्रांत’ ब्रिटनची ‘हर्क्युलिस’ म्हणून जन्मली, पण 1971 मध्ये लढली ती आपल्यासाठी. कफ परेडला शाळेच्या सहली तिच्यावर जात. 2012 मध्ये ते बंद झाले आणि 2014 मध्ये दारुखान्यात तिचे तुकडे झाले. ‘विराट’ म्हणजे फॉकलंडच्या युद्धातली ब्रिटिश आरमाराची मुख्य नौका ‘हर्मिस’. तिच्या पोटात मी काम केले आहे, तिचे पोलाद मला ठाऊक आहे. 2020 मध्ये ती गुजरातेत अलंगला भंगारात गेली, त्या दिवशी घरात मी कुणाशी बोललो नाही. विशाखापट्टणमने ‘कुरसुरा’ पाणबुडी वाळूवर ओढून आणली आणि 2002 पासून लोकांना दाखवली. मुंबईला हे जमायला हवे होते.

ती जहाजे परत येणार नाहीत. माझी मागणी लहान आहे. गोदीच्या आत सामान्य माणसाला सोडता येत नाही, ते सुरक्षेच्या दृष्टीने बरोबरच आहे. पण शहीद भगतसिंग मार्गाकडची गोदीची भिंत बाहेरच आहे. बसमधून, पायी, रोज हजारो माणसे तिच्यासमोरून जातात. तिच्यावर मराठीत, लांबून वाचता येईल अशा अक्षरांत, इथे बांधलेल्या प्रत्येक मोठ्या नौकेचे नाव, साल आणि पुढे तिचे काय झाले ते कोरावे. नानकिंगही कोरावे, मलबारही कोरावे. सुतार-लोहारांसाठी एक ओळ ठेवावी. दर वर्षी डिसेंबरातल्या नौदल सप्ताहात महापालिकेच्या शाळांतील मुलांना नौदलाच्या बंदोबस्तात डंकन गोदी दाखवावी. समजावून सांगायला आम्ही निवृत्त गोदीवाले आहोत. परळ, लालबाग, माझगावात आमच्यातले बरेच जण अजून आहेत, आणि एक पैसा न घेता येतील.

आपला,
नौदल गोदीतील एक निवृत्त शिपराइट
लालबाग, मुंबई